वादी गैरहजर, दावा काढून टाकला: पुढे काय करायचं?

‘वादी व त्यांचे वकील वारंवार पुकारूनही गैरहजर. प्रतिवादीतर्फे वकील हजर. सबब दावा वादीच्या गैरहजेरीमुळे काढून टाकण्यात येतो.’

मंडणगडपासून सावंतवाडीपर्यंत कुठल्याही दिवाणी कोर्टात निशाणी १ खाली, म्हणजे मूळ दाव्याच्या कागदाखाली, असा दोन-तीन ओळींचा हुकूम झालेला सापडेल. गावातून ही बातमी विरारला किंवा डोंबिवलीला पोचते तेव्हा ती ‘आपण केस हरलो’ अशी झालेली असते. ऐकणारा गप्प बसतो, नशिबाला बोल लावतो, फाइल कपाटात ठेवून देतो. खरं नुकसान तिथे होतं. दावा गैरहजेरीत निघणं आणि दावा हरणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. वरच्या हुकुमात तुमच्या हक्काबद्दल न्यायाधीशांनी एक अक्षरही लिहिलेलं नाही. बाग कोणाची, वाट कोणाची, सातबारावरचं नाव कसं लागलं, यातलं काहीच तपासलं गेलेलं नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम २ मध्ये हुकूमनाम्याची (पक्षकारांच्या हक्कांचा निवाडा करणाऱ्या निकालाची) व्याख्या आहे, आणि गैरहजेरीत दावा काढल्याचा हुकूम त्या व्याख्येतून स्पष्टपणे वगळलेला आहे. म्हणून त्यावर नेहमीचं अपील करता येत नाही. त्याला वेगळा उपाय आहे आणि त्या उपायाला तीस दिवसांची मुदत आहे.

आपल्याकडे हे इतक्या वेळा घडतं याचं कारण जमिनीत आणि माणसांच्या वस्तीत आहे. कोकणातल्या सातबारावर एकेका गटाला वीस-तीस नावं असतात. पणजोबांच्या नावाची जमीन, चार शाखा, त्यातल्या तीन मुंबईत. वाटपाचा दावा लावायचा तर सगळे हिस्सेदार पक्षकार हवेत. जमीन राजापुरात, वादी नालासोपाऱ्यात, एक प्रतिवादी पुण्यात, दुसरा आखातात. कोर्टाची तारीख पडते मंगळवारी किंवा बुधवारी, म्हणजे ये-जा धरून नोकरीतल्या दोन रजा गेल्या. शिवाय चाकरमानी हक्काने गावाला येतो तो मे महिन्यात, आणि नेमकी तेव्हा दिवाणी कोर्टांना उन्हाळी सुट्टी असते. गावाला येऊन वकीलसाहेबांना भेटणं होतं, आंब्याची पेटी देणं होतं, पण कोर्टात उभं राहणं होत नाही. असं वर्षानुवर्षं चालतं आणि मग एखाद्या तारखेला पुकारा होतो तेव्हा ‘वादी’ म्हणून उठणारं कोणीच नसतं.

आता त्या पुकाऱ्याच्या वेळी नेमकं काय होतं ते नीट बघू. पुढचं सगळं त्यावर ठरतं.

सकाळी बोर्ड लागतो. शिपाई नाव पुकारतो. तुमचे वकील उठून उभे राहिले तर कायद्याच्या दृष्टीने तुम्ही हजर आहात; प्रत्येक तारखेला पक्षकाराने स्वतः यावं असं बंधन नाही. न्यायाधीशांनी ‘अमुक तारखेला स्वतः हजर राहा’ असा हुकूम केला असेल किंवा तुमची साक्ष असेल, तेव्हा मात्र जावंच लागतं. वकीलही नाहीत आणि पक्षकारही नाही, तर साधारणपणे नाव थोडा वेळ मागे ठेवतात, दुपारी पुन्हा पुकारतात. तेव्हाही कोणी नसेल तर संहितेचा आदेश ९ लागू होतो. आदेश म्हणजे संहितेतलं प्रकरण, आणि त्याखाली नियम.

इथे दोन वाटा फुटतात. वादीही नाही आणि प्रतिवादीही नाही, तर दावा नियम ३ खाली निघतो. वादी नाही पण प्रतिवादी किंवा त्याचे वकील हजर आहेत आणि मागणी मान्य नाही म्हणतात, तर तो नियम ८ खाली निघतो. बाहेरून दोन्ही सारखंच दिसतं, परिणामात मात्र फार फरक आहे. नियम ३ खाली दावा निघाला तर नियम ४ तुम्हाला दोन मोकळीका देतो: तोच दावा परत चालू करून मागा, नाहीतर मुदत शिल्लक असेल तर त्याच कारणासाठी नवा दावा लावा. नियम ८ खाली निघाला तर नियम ९ त्याच कारणावरचा नवा दावा बंद करतो. मग काढून टाकलेला दावा परत नंबरावर आणण्याशिवाय, म्हणजे तोच पुन्हा चालू करून घेण्याशिवाय, दुसरा मार्ग राहत नाही.

म्हणून माझं प्रत्येकाला पहिलं सांगणं हे असतं की ऐकीव माहितीवर बसू नका, हुकुमाची आणि त्या दिवसाच्या रोजनाम्याची (कोर्टातल्या कामाच्या नोंदीची) नक्कल काढा. रोजनाम्यात ‘प्रतिवादीतर्फे वकील हजर’ हे शब्द आहेत की ‘उभय पक्ष गैरहजर’ आहेत, एवढ्यावर तुमचे किती रस्ते उघडे आहेत ते कळतं. नकलेचा अर्ज त्याच कोर्टाच्या नक्कल विभागात करायचा, दाव्याचा नंबर आणि हुकुमाची तारीख घालून.

नियम ९ ची बंदी ऐकून वाटपाच्या दाव्यातले लोक फार घाबरतात. त्यांच्यासाठी थोडा दिलासा आहे. जमीन सामाईक आहे तोवर प्रत्येक हिस्सेदाराचा वाटप मागण्याचा हक्क चालू राहतो, तो एका तारखेला जन्मून एका तारखेला संपत नाही. त्यामुळे वाटपाचा आधीचा दावा गैरहजेरीत निघाला तरी पुन्हा वाटप मागायला साधारणपणे आडकाठी येत नाही, असं न्यायालयं मानत आली आहेत. पण हा दिलासा सगळ्या दाव्यांना लागू करू नका. साठेखत झालं आणि समोरचा खरेदीखत करून देत नाही, म्हणून लावलेला दावा घ्या. त्याची मूळ मुदतच तीन वर्षांची. तो नियम ८ खाली निघाला आणि तुम्ही हालचाल केली नाहीत, तर तो व्यवहार तुमच्यापुरता संपला. आणि वाटपाच्या बाबतीतही नवा दावा म्हणजे नवं स्टॅम्प, पुन्हा सगळ्यांना समन्स, पुन्हा कैफियती (प्रतिवादींची लेखी उत्तरं). जुना दावा जिवंत करणं केव्हाही बरं.

तीस दिवस कुठून मोजायचे? मुदत कायदा, १९६३ च्या अनुसूचीतल्या अनुच्छेद १२२ प्रमाणे दावा काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नव्हे. इथे माणसं हमखास फसतात, कारण प्रतिवादीविरुद्ध एकतर्फा हुकूमनामा झाला तर त्याचा नियम वेगळा आहे: त्याला समन्स नीट बजावलंच नसेल तर त्याचे तीस दिवस त्याला माहिती झाल्यापासून मोजतात. वादीला ही सवलत नाही, कारण दावा त्यानेच लावलेला आहे, त्याने लक्ष ठेवायला हवं, असं कायदा धरून चालतो. तिसावा दिवस सुट्टीत येत असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो. मुदत उलटून गेली असेल तर त्याच कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबत जोडावा लागतो आणि उशिराचं कारण सांगावं लागतं. काही आठवड्यांचा उशीर खऱ्या कारणासह सहसा माफ होतो. चार-पाच वर्षांनी जाग आली तर ते फार अवघड होऊन बसतं.

अर्ज त्याच कोर्टात करायचा, जिथे दावा निघाला. वरच्या कोर्टात धावायचं नाही. अर्जात दोन गोष्टी हव्यात: त्या तारखेला हजर का राहता आलं नाही, आणि त्याला आधार काय. सोबत प्रतिज्ञापत्र. समोरच्याला नोटीस काढल्याशिवाय कोर्ट असा अर्ज मंजूर करू शकत नाही, म्हणजे पुन्हा बेलीफ, पुन्हा पत्ते, पुन्हा तारखा. आणि या अर्जाच्या तारखांनाही हजर राहावं लागतं. तो अर्जसुद्धा गैरहजेरीत निघाल्याची उदाहरणं आहेत. मग तो अर्ज परत आणण्यासाठी आणखी एक अर्ज करावा लागतो, आणि तोवर कोर्टाचा तुमच्यावरचा विश्वास बराच कमी झालेला असतो.

कायद्याचे शब्द ‘पुरेसं कारण’ एवढेच आहेत. पुरेसं म्हणजे किती, याची यादी कुठेही दिलेली नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००० सालच्या एका निकालात एक महत्त्वाची गोष्ट सांगितली. तो निकाल गैरहजर प्रतिवादीच्या अर्जावरचा होता, पण ‘पुरेसं कारण’ हे शब्द दोन्हीकडे तेच आहेत. बघायचं ते त्या विशिष्ट तारखेला न येण्याचं कारण. आधीच्या तारखांना झालेली हयगय, जी तेव्हा चालवून घेतली गेली, ती आता उकरून काढायची नाही. याचा अर्ज लिहिताना फार उपयोग होतो. बरेच जण अर्जात आपली सगळी जन्मकहाणी लिहितात: आजारपण, गिरणी बंद पडली, मुलीचं लग्न. त्याने कोर्टाला मुद्दा सापडत नाही. त्या दिवशी तुम्ही कुठे होतात आणि का येऊ शकला नाहीत, तेवढं लिहा.

२२ जुलै २०२१ चं उदाहरण घ्या. वाशिष्ठीचं पाणी चिपळुणात शिरलं, बाजारपेठ बुडाली, कोकण रेल्वे थांबली. त्या दिवशी चिपळूणच्या कोर्टात तारीख असलेल्या माणसाला कारण शोधावं लागणार नाही. पण बहुतेक कारणं इतकी मोठी नसतात आणि मोठी असावी लागतही नाहीत. परशुराम घाटात दरड आली आणि एसटी अडकली, तर तिकीट जपून ठेवा. रुग्णालयात दाखल होतात, तर डिस्चार्ज कार्ड जोडा; गावच्या डॉक्टरांचं तारीख मागाहून घातलेलं सर्टिफिकेट जोडू नका, समोरचे वकील ते पहिल्याच प्रश्नात उघडं पाडतात. घरात मयत झालं असेल तर मृत्यूचा दाखला. तारीख चुकीची टिपली गेली असेल तर ती डायरी किंवा तो मेसेज दाखवा. खरं कारण लहान असलं तरी ते कागदाने दाखवता आलं तर कोर्ट ऐकतं. गैरसोय झाली असेल तर समोरच्याला काही रक्कम खर्चादाखल देण्याच्या अटीवर दावा परत घेतात. ती रक्कम सांगितलेल्या तारखेच्या आत भरायची, नाहीतर मिळालेला हुकूम पुन्हा हातचा जातो.

न्यायमूर्ती विवियन बोस यांनी १९५५ च्या एका निकालात प्रक्रियेच्या कायद्याबद्दल जे लिहिलं ते आजही अशा अर्जांच्या युक्तिवादात येतं. त्याचा आशय असा की हे नियम न्याय पुढे नेण्यासाठी आहेत, माणसांना शिक्षा करण्यासाठी किंवा पाय अडकवून पाडण्यासाठी नाहीत. माझा अनुभवही असाच आहे की तालुक्याच्या कोर्टात बसणारे बहुतेक न्यायाधीश प्रामाणिक माणसाला एक संधी देतात.

वकील आले नाहीत तर?

हा प्रश्न सर्वात जास्त विचारला जातो. १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने एका खेडेगावातल्या पक्षकाराच्या प्रकरणात म्हटलं की त्याने वकील नेमला, फी दिली, आता वकील आला नाही याची शिक्षा त्याला देऊ नये. हा निकाल आजही वापरला जातो. पण अलीकडच्या निकालांत न्यायालयाचा सूर बदललेला दिसतो: वर्षानुवर्षं चौकशीच न करता शेवटी सगळा दोष वकिलांवर ढकलणं चालणार नाही, पक्षकाराचीही जबाबदारी आहे. दोन्ही निकाल एकत्र वाचले तर एवढंच निघतं की तुम्ही विचारपूस करत होतात हे दाखवता आलं पाहिजे. वकिलांना केलेला मेसेज, पाठवलेली फी, झालेला पत्रव्यवहार यांना तेव्हा किंमत येते.

वकील ‘पक्षकाराकडून सूचना नाहीत’ अशी पुरसीस (कोर्टाला लेखी निवेदन) देऊन बाजूला झाले आणि तुम्हाला कळवलंच नाही, तर तो मुद्दा अर्जात ठळकपणे घ्या. अशा वेळी पक्षकाराला नोटीस जायला हवी होती, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये म्हटलेलं आहे.

कोर्टाने अर्ज फेटाळला तर? नियम ९ खालचा (नियम ८ खाली निघालेला दावा परत घेण्याचा) अर्ज फेटाळल्याच्या हुकुमावर आदेश ४३ प्रमाणे अपील आहे, आणि ते जिल्हा न्यायालयात असेल तर त्याचीही मुदत तीस दिवस. नियम ४ खालचा (नियम ३ खाली निघालेल्या दाव्याचा) अर्ज फेटाळला तर असं अपील नाही. तिथे उच्च न्यायालयाकडे जावं लागतं. आणखी एक बारकावा सांगून ठेवतो. तुमची साक्ष किंवा तिचा मोठा भाग आधीच नोंदवून झाला असेल आणि नंतर तुम्ही गैरहजर राहिलात, तर आदेश १७ प्रमाणे तुम्ही हजर आहात असं समजून कोर्ट निकाल देऊ शकतं. तो निकाल गुणदोषांवरचा, म्हणजे हक्क तपासून दिलेला, असतो. त्याला परत नंबरावर आणायचा अर्ज चालत नाही, सरळ अपील करावं लागतं. म्हणूनही नक्कल वाचणं गरजेचं आहे.

मधल्या काळात मनाई हुकुमाचं काय?

समजा, राजापूर तालुक्यात एका पुतण्याने काकांविरुद्ध दावा लावला आहे. सामाईक बागेतली कलमं तोडू नयेत, जमीन विकू नये, असा तुर्तातूर्त मनाई हुकूम त्याला मिळालेला आहे. त्या जोरावर तो निर्धास्त मुंबईत राहतो. एका तारखेला दावा गैरहजेरीत निघतो. दावा गेला की त्याच्या आधारावर उभा असलेला मनाई हुकूमही जातो. दुसऱ्या दिवशी काका झाडं ठेकेदाराला विकायला मोकळे.

पुढे दावा परत नंबरावर आला की मनाई हुकूमही साधारणपणे त्याच्याबरोबर परत येतो, तसा सर्वोच्च न्यायालयाचा २००४ चा निकाल आहे. पण मधल्या दिवसांत तुटलेलं चाळीस वर्षांचं हापूसचं कलम कोणता हुकूम परत आणणार? म्हणून ज्यांच्या दाव्यात मनाई हुकूम आहे त्यांनी तीस दिवसांची वाट बघू नये. कळलं त्याच आठवड्यात अर्ज द्यावा आणि त्यातच ‘अर्जाचा निकाल लागेपर्यंत जैसे थे ठेवावं’ अशी मागणी करावी.

गैरहजेरीशिवाय आणखी दोन प्रकारे दावा हळूच हातचा जातो आणि कोकणात दोन्ही फार चालतात. एक, समन्स. बेलीफ वाडीत जातो, ‘घराला कुलूप, इसम मुंबईस राहतात, पत्ता मिळून आला नाही’ असा अहवाल लावून समन्स परत करतो. ते परत आल्यावर सात दिवसांत नवं समन्स मागितलं नाही तर त्या प्रतिवादीपुरता दावा निघू शकतो. प्रोसेस फी किंवा पोस्टाचा खर्च भरला नाही म्हणूनही निघतो. तेव्हा दावा लावतानाच सगळ्या भाऊबंदांचे मुंबईचे पत्ते गोळा करून ठेवा. दुसरं, मृत्यू. तीस पक्षकारांच्या दाव्यात दोन-तीन वर्षांत कोणीतरी जातंच. त्याचे वारस नव्वद दिवसांत रेकॉर्डवर घ्यावे लागतात, नाहीतर दावा त्याच्यापुरता आपोआप संपुष्टात येतो. ते रद्द करून घ्यायला पुढे साठ दिवस मिळतात. हे गैरहजेरीपेक्षा वेगळं प्रकरण आहे आणि त्याचा अर्जही वेगळा, पण घरात दोन्हींना ‘केस उडाली’ एवढंच म्हणतात.

दावा निघूच नये म्हणून काय करता येईल? वादी अनेक असतील तर त्यातला एक जण हजर असला तरी पुरतं. सगळे हजर आहेत असं समजून दावा पुढे चालवायची मुभा कोर्ट देऊ शकतं. म्हणून वाटपाच्या दाव्यात गावात राहणाऱ्या एखाद्या चुलतभावाला किंवा आत्याला वादी म्हणून जरूर घ्या. ते शक्य नसेल तर भरवशाच्या माणसाला कुलमुखत्यारपत्र द्या. तो तारखांना उभा राहू शकतो. फक्त जे तुम्हालाच माहीत आहे त्याची साक्ष तो तुमच्या जागी देऊ शकत नाही, तेव्हा तुम्हाला यावंच लागेल.

प्रत्येक दाव्याला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर असतो. ई-कोर्ट्सच्या मोबाइल अॅपमध्ये तो घातला की पुढची तारीख आणि दावा कोणत्या टप्प्यावर आहे ते घरबसल्या दिसतं. हा नंबर वकिलांकडून आजच मागून घ्या आणि घरातल्या एखाद्या कॉलेजात जाणाऱ्या मुलाच्या किंवा मुलीच्या फोनमध्ये घालून ठेवा. टप्प्याच्या रकान्यात ‘साक्षीपुरावा’ दिसला की समजा, आता रजा टाकून जायची वेळ आली. सुनावणी सुरू झाल्यावर एका पक्षाला तीनपेक्षा जास्त वेळा तारीख पुढे ढकलून देऊ नये असं संहिता सांगते. अपवादात्मक अडचणीत न्यायालय त्यापुढे जाऊ शकतं, तरी त्यावर विसंबू नये. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

अपिलांचं थोडं वेगळं आहे. अपील करणारा गैरहजर राहिला तर अपील काढून टाकता येतं, पण त्याच्या गैरहजेरीत ते गुणदोषांवर फेटाळता येत नाही. परत घ्यायच्या अर्जाची मुदत तिथेही तीस दिवस. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांनी इथे विशेष लक्ष द्यायला हवं. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आणि या दोन जिल्ह्यांची प्रकरणं तिथे चालू लागली; रायगडची मुंबईतच राहिली. ज्यांचं दुसरं अपील किंवा रिट याचिका मुंबईत दाखल होती आणि वकीलही फोर्टमधले होते, त्यांनी आपलं प्रकरण आता कुठे आहे आणि तिथे आपल्यातर्फे कोण उभं राहणार आहे, हे वकिलांना स्पष्ट विचारून घ्यावं. ते कोल्हापूरला जाणार नसतील तर त्यांची ना-हरकत घेऊन तिथल्या वकिलांचं वकीलपत्र पुढच्या तारखेच्या आत दाखल करावं.